सालाखालचा ठिपका

पेंटरमास्तरांना गल्लीचा इतिहास तोंडपाठ होता, आणि तीच पंचाईत होती. कारण त्यातला निम्मा इतिहास त्यांनीच रंगवलेला.

चाळीस वर्षं गल्लीतली एकूण एक पाटी त्यांच्या हातची. दुकानदार हळूच म्हणायचा, "मास्तर, स्थापनेचं साल जरा मागचं टाका की. गिऱ्हाईक जुन्यावर भाळतं." मास्तर टाकायचे. तीस वर्षं मागे काय नि साठ काय, रंग तेवढाच लागतो! फक्त वडिलांची एक शिकवण त्यांनी पाळली. खोटं साल लिहिलं की शेवटच्या आकड्याखाली मोहरीएवढा ठिपका द्यायचा. पोटासाठी खोटं लिहिलंस तर लिही, पण ते खोटं आहे हे विसरू नकोस, असं आबा सांगायचे.

आणि मास्तर नेमके विसरले. न्हावी रोज आपल्या पणजोबांनी या खुर्चीवर कुणाकुणाच्या दाढ्या केल्या ते सांगायचा, आणि मास्तर मान डोलवायचे. आता बोला! त्याच दुकानाच्या उद्घाटनाला ते स्वतः चहा पिऊन आले होते. कधीकधी त्यांना वाटायचं, आपलंच वय मोजायचं चुकलंय की काय.

मग रस्तारुंदी आली. शंभरी ओलांडलेली दुकानं राहणार, बाकीची पाडणार. जुने कागद कचेरीच्या आगीत गेलेले. तेव्हा कचेरीतल्या मॅडम वही घेऊन मास्तरांकडेच आल्या. "पाट्या तुमच्या. कुठलं साल खरं, तुम्हीच सांगा."

मास्तर भिंग घेऊन शिडीवर चढले. न्हाव्याच्या पाटीवर ठिपका होता.

"खोटं," मास्तर म्हणाले.

"अहो, माझे पणजोबा..."

"तुझे पणजोबा मीच रंगवले, बाबा."

औषधवाल्याचंही तेच झालं. न्हावी भडकला. "आता तुमच्या ताईची पाटी बघा! नाहीतर लोका सांगे ब्रह्मज्ञान."

"बघतो की," मास्तर ताठ्यात म्हणाले. ताईचं बाइंडिंगचं दुकान तिच्या सासऱ्यांचं, वरच्या खोलीत तिचा संसार. तिथं खोटं कशाला असेल?

शिडीवर चढून त्यांनी भिंग पाटीला लावलं. आकड्याखाली काहीतरी काळं होतं. माशीची घाण? की आपलाच ठिपका? मेहुणे गेले, ताईनं एकटीनं दुकान पुन्हा उघडलं, तेव्हा ही पाटी त्यांनी फुकट रंगवली होती. साल वाढव म्हणून ती काही बोलली नव्हती. मग आपणच वाढवलं का? की नाही? डोकं नुसतं गरगरायला लागलं. खालून मॅडमना काही दिसत नव्हतं. 'खरं' म्हटलं की काम झालं असतं.

ताई खळीचे हात तसेच घेऊन बाहेर आली आणि तिनं शिडी धरली. "काय दिसतंय रे?"

"कळत नाही गं, ताई. माशी बसली असेल."

"माशी वीस वर्षं बसत नाही. रोज पाटी पुसते मी. तेवढी जागा सोडून पुसते."

"तुला ठिपक्याचं माहीत होतं?"

"आबा तुला शिकवायचे तेव्हा रंग कोण कालवायचं?"

"मग इतकी वर्षं बोलली का नाहीस?"

"तेव्हा माझ्यासाठी तुला एवढंच करता येत होतं. ते कशाला पुसू?"

मास्तरांच्या डोळ्यांत पाणी आलं. भिंगातलं सगळंच पुसट झालं, ठिपका, साल, आबांनी शिकवलेलं अक्षर. ताई रागावलीय की माया करतेय, तेही त्यांना कळेना. ती 'खरं' म्हण असं सांगत होती, की 'खोटं' म्हण असं?

"मास्तर, काय लिहू?" मॅडमनी विचारलं. न्हावी मान वर करून बघत होता.

मास्तरांनी खाली पाहिलं. ताईनं शिडी दोन्ही हातांनी घट्ट धरली होती, आणि ती त्यांच्याकडेच बघत होती.

"खोटं," मास्तर म्हणाले.

"उतर आता सावकाश," ताई म्हणाली. "आवराआवरीला माणूस लागेल मला."