तेलाच्या चिंध्या

२०२४ साल. मला एकाहत्तरावं लागलेलं. कळव्याहून शालूवहिनींचा फोन आला, "भावोजी, हे गेले..." हे म्हणजे वसंता. तोही पॉलिशवाला, मीही. मी चौथी शिकलेला, पण हाताला माझ्यासारखा माणूस ठाण्यापासून कल्याणपर्यंत नाही. वसंता सोडून. चाळीस वर्षं दोघांनी मिळून लोकांची कपाटं नवी केली आणि चाळीस वर्षं भांडलो.

व्हिनियर म्हणजे पापडासारखा पातळ लाकडाचा थर. वसंता तो रेषेरेषेने, हलक्या हाताने घासायचा. खिडक्या उघड्या, तोंडाला फडकं. इथवर मला मान्य. पण अळशीचं तेल चोळून झालं की चिंध्या एकेक सुट्या करून दोरीवर वाळत घालायचा. म्हणायचा, "गोळा करून ठेवल्या की आपोआप पेटतात रे."

मी वहिनींच्या देखत टर उडवायचो, "चिंधीला भूत लागतं काय, वसंता?"

"हस लेका. मी मेल्यावर कळेल तुला."

घरी निघताना कपाटाच्या दारावर तळहात ठेवायचा... तापल्या पोराच्या कपाळावर ठेवावा तसा.

मानपाड्याचं त्याचं अर्धं राहिलेलं काम मी हट्टाने घेतलं. सकाळी तेल लावलं, त्याचा मान म्हणून चिंध्या गॅलरीत पसरल्या आणि जेवायला गेलो. ऊन कलल्यावर परत आलो. घरात चिडीचूप. का कोण जाणे, कपाटाच्या दारावर हात ठेवावासा वाटला. मी कधी ठेवत नाही.

दार गरम होतं. ऊन तिथवर येत नाही, शेगडी नाही. तळहाताएवढीच जागा गरम, बाकी दार गार... उघडलं तर आत पिशवी, आणि पिशवीतून धुराची बारीक रेघ. जाळ कुठेच नाही. पाण्याच्या बादलीत बुडवली, तसा चर्र आवाज झाला.

घरच्या बाई धावत आल्या. "अहो, पाहुणे यायचेत म्हणून मीच त्या चिंध्या पिशवीत भरून आत ठेवल्या. पेटवल्या कोणी?"

"कोणीच नाही. गोळा केल्या की आपोआप पेटतात," मी म्हणालो. आवाज माझाच होता, पण बोलणं माझं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी आधी कळवा गाठला. म्हटलं, "वहिनी, वसंता बरोबर होता."

"मला काय सांगता, भावोजी? त्यांना सांगायचंत."

मग त्यांच्या गॅलरीतल्या, वसंता चिंध्या वाळत घालायचा त्या रिकाम्या दोरीकडे तोंड केलं आणि शेजारपाजार ऐकेल एवढ्या मोठ्याने परत सांगितलं.