एकोणचाळिसावी खेळी

प्रज्ञाने घड्याळ थांबवलं आणि हात वर केला. नववा म्हणजे शेवटचा राउंड. हॉलमध्ये तेवढा एकच बोर्ड चालू होता. मी चीफ आर्बिटर, म्हणजे स्पर्धेचा मुख्य पंच. उठून गेलो.

"सर, क्लेम आहे. सेम पोझिशन तिसऱ्यांदा येतेय," ती म्हणाली.

बुद्धिबळ न खेळणाऱ्यांसाठी सांगतो. पटावर तीच स्थिती, खेळायची पाळीही त्याच खेळाडूची, अशी तीनदा आली तर बरोबरी मागता येते. ती ओळीने तीनदा यावी लागत नाही, मधे दुसऱ्या खेळ्या झाल्या तरी चालतं. मागायची रीत मात्र ठरलेली आहे. खेळी करायची नाही, फक्त स्कोअरशीटवर, म्हणजे डावातली प्रत्येक खेळी लिहितात त्या कागदावर लिहायची, घड्याळ थांबवायचं आणि पंचाला बोलवायचं. प्रज्ञाने हे सगळं बिनचूक केलं होतं. करणारच. ती नववीत असताना जिल्ह्याच्या शिबिरात मीच तिला हे शिकवलं होतं. मी तेव्हा शाळेत गणित शिकवायचो आणि सुट्ट्यांत पंचगिरी करायचो. आता निवृत्त झालो, पंचगिरी तेवढी उरली.

या क्लेमवर तिचं काय अवलंबून होतं, ते हॉलमधल्या सगळ्यांना माहीत होतं. महिलांचा इंटरनॅशनल मास्टर हा किताब मिळवायला तीन नॉर्म लागतात. नॉर्म म्हणजे एखाद्या मोठ्या स्पर्धेत, तगड्या खेळाडूंसमोर ठरलेली कामगिरी करून दाखवणं. तिचे दोन झाले होते. रेटिंगही पुरेसं होतं. तिसऱ्या नॉर्मला फक्त अर्धा गुण कमी होता, म्हणजे ही एक बरोबरी. मनमाडच्या एका शाळेने तिला कायमच्या नोकरीचं पत्र दिलेलं होतं. वय सव्वीस. तिने घरी सांगून ठेवलं होतं की नॉर्म झाला तर नोकरी नाकारून पूर्ण वेळ खेळणार, नाही झाला तर जूनपासून शाळेत रुजू होणार. घरच्यांनीही ते मान्य केलं होतं.

समोर बंगालचा एक मुरलेला मास्टर होता. त्याचं एक प्यादं जास्त होतं, पण डाव बरोबरीकडेच चालला होता. त्याने मान हलवली. "नहीं सर, दो ही बार हुआ है."

मी प्रज्ञाला विचारलं, "कोणकोणत्या खेळीला?"

तिने शीटवरून बोट फिरवलं. घड्याळात तिची जेमतेम तीन मिनिटं उरली होती आणि चार तास ती जागेवरून हलली नव्हती. "एक्केचाळीस, त्रेचाळीस, आणि आता ही सत्तेचाळीस."

आम्ही तिघं बाजूच्या रिकाम्या पटाशी गेलो. मी सध्याची स्थिती मांडली आणि खेळ्या उलट्या घेत मागे जायला लागलो. त्रेचाळीसला स्थिती तंतोतंत तीच. एक्केचाळीसला मात्र तिचा राजा एक घर बाजूला होता.

तेवढ्यात आयोजक मागे येऊन उभे राहिले. सटाण्याचे कांद्याचे व्यापारी. माणूस दिलदार, बुद्धिबळातलं त्यांना एवढंच ठाऊक की घोडा अडीच घरं चालतो. हळू आवाजात म्हणाले, "सर, आटपा ना. पाहुणे तासभर झाले येऊन बसेल हायेत. त्यांना पुढं दुसरा कार्यक्रम हाय."

"दोन मिनिटं," मी म्हणालो.

प्रज्ञा पटाकडे पाहत होती. "सर, मग त्याच्या आधी कधीतरी झाली असेल. आकडा चुकला असेल माझा. झालीय नक्की."

इथे मी काय करायला हवं होतं, हे कुठल्याही नवशिक्या पंचाला विचारा. आणखी मागे जायचं. वाटलं तर पहिल्या खेळीपासून सगळा डाव मांडायचा. स्थिती तीनदा आली की नाही, एवढंच नियम विचारतो. खेळाडूला आकडे पाठ आहेत का, हे नियम विचारत नाही. मी स्वतः हे पंचांच्या वर्गात शिकवत आलोय.

पण माझ्या डोक्यात वेगळंच चाललं होतं. पाहुण्यांची घाई होतीच, पण सगळं खापर त्यांच्यावर फोडणार नाही. हा बंगालचा खेळाडू माझ्याकडे रोखून बघत होता. ती आमच्या जिल्ह्याची, माझ्या हाताखाली शिकलेली. पंचाने आपल्या पोरीला झुकतं माप दिलं, असं कुणी म्हणू नये, एवढीच मला धास्ती. त्या धास्तीपोटी मी नको इतका कडक झालो.

"कधीतरी असं चालत नाही," मी म्हणालो. "तू एक्केचाळीस म्हणालीस. तिथे नाहीये. दोनदाच झालीय."

"नक्की ना, सर?"

"मी तपासलंय."

तिने मान हलवली. क्लेम फेटाळला की प्रतिस्पर्ध्याला दोन मिनिटं जास्त मिळतात आणि लिहिलेली खेळी करावीच लागते. मी मिनिटं वाढवली, तिने खेळी केली. तो आता सावध झाला होता, त्याने वाट बदलली. तिचं लक्ष उडालं होतं ते मला लांबूनही दिसत होतं. साठाव्या खेळीच्या आसपास तिने एक प्यादं फुकट दिलं आणि थोड्या वेळाने हार मानून हात पुढे केला. दोघांनी शीटवर सह्या केल्या. जाताना ती मला "थँक यू, सर" म्हणाली. हे ती दरवेळी म्हणायची.

दुसऱ्या दिवशी सकाळी चहा घेत मी सगळे डाव कॉम्प्युटरवर चढवत होतो, स्पर्धेच्या बुलेटिनसाठी. तिच्या डावात सत्तेचाळिसावी खेळी टाकली आणि स्क्रीनवर आलं की ही स्थिती तिसऱ्यांदा आली आहे. मला वाटलं, माझंच टायपिंग चुकलं. पुन्हा टाकली. एकोणचाळीस, त्रेचाळीस, सत्तेचाळीस.

एकोणचाळीस. आणखी दोन खेळ्या मागे गेलो असतो तर सापडली असती. अर्ध्या मिनिटाचं काम. मी तिचे आकडे तपासले होते, डाव तपासलाच नव्हता.

चहा तसाच राहिला. पंचाच्या निर्णयाविरुद्ध अपील करायची मुदत राउंड संपल्यापासून तासाभराची असते, ती कालच गेली होती. सह्या झालेला निकाल आता कोणी बदलू शकत नव्हतं. मी फोन हातात घेतला, तिचा नंबर काढला आणि फोन खाली ठेवला. आज करू, उद्या करू म्हणत आठ महिने गेले. याला दुसरं नाव नाही, मी घाबरलो होतो.

आठ महिन्यांनी एका शालेय स्पर्धेसाठी मनमाडला गेलो, तर प्रज्ञा आपल्या शाळेची टीम घेऊन आलेली. कॉटनची साडी, गळ्यात ओळखपत्र. मला पाहून आनंदाने पुढे आली आणि वाकायला लागली. मी तिला थांबवलं आणि तिथेच, उभ्या उभ्या, सगळं सांगून टाकलं.

मग ती म्हणाली, "एकोणचाळीस. माहितीये, सर."

"कधी कळलं?"

"त्याच दिवशी. हॉलच्या पायऱ्यांवर बसून शीट बघितली. अपीलला अजून चाळीस मिनिटं होती."

"मग केलं का नाहीस? अपील समितीने पाच मिनिटांत तुझ्या बाजूने दिलं असतं!"

"तुमच्याविरुद्ध लिहायचं होतं, सर. आणि अर्ज द्यायचा तोही तुमच्याच हातात." ती थोडं हसली. "दोनदा दारापर्यंत आले. तुम्ही पाहुण्यांसोबत फोटोत होतात. मग म्हटलं, सरांनी तपासलंय म्हणाले होते. माझंच काहीतरी चुकत असेल. घरी जाऊन परत मांडला, तेव्हा खात्री झाली. पण तोवर वेळ गेली होती."

माफ कर म्हणालो, ते माझ्याच कानाला तोकडं वाटलं. संघटनेला पत्र लिहितो, चूक कबूल करतो, असंही म्हणालो.

"त्याने नॉर्म मिळेल?"

"नाही."

"मग राहू द्या, सर. आता खेळतच नाही मी. वेळच नसतो." मग तिने विचारलं, "तुमच्या रिपोर्टमध्ये काय लिहिलं होतं हो, आमच्या डावाबद्दल?"

प्रत्येक स्पर्धेनंतर चीफ आर्बिटरला रिपोर्ट पाठवावा लागतो. खेळाडूंसारखे पंचांनाही वरच्या किताबासाठी नॉर्म लागतात आणि ते अशा रिपोर्टांवर मिळतात. त्या स्पर्धेतून माझा नॉर्म पूर्ण झाला होता. खोटं बोलायची हिंमत उरली नव्हती, म्हणून जे लिहिलं होतं तेच सांगितलं.

"एकही अपील नाही. स्पर्धा सुरळीत पार पडली."

ती हो म्हणाली आणि आपल्या टीमकडे गेली. तिच्या एका मुलीचं घड्याळ सुरू होत नव्हतं.

आता कुणी क्लेम केला की मी पहिल्या खेळीपासून डाव मांडतो. पंधरा मिनिटं लागतात, लोक कुरकुरतात. नव्या पंचांना वर्गात एक गोष्ट आवर्जून सांगतो. आपल्याविरुद्ध तक्रार आली नाही म्हणजे आपलं बरोबर होतं, असं धरून चालू नका. समोरच्याने आपल्या शब्दावर विश्वास ठेवला, एवढाच त्याचा अर्थ असू शकतो.