कपिलधारच्या मागची कचेरी

दिवाळी झाली की माझा धाकटा भाऊ आणि भावजय ऊसतोडीला जातात. या वर्षी त्यांची पोरगी पहिलीत गेली, म्हणून ती आमच्याकडं राहिली. मी तालुक्याच्या एका कचेरीत कारकून. घरात शिकलो मी एकटाच, त्यामुळं माझ्या हातात पेन आलं आणि भावाच्या हातात कोयता. हे कुणी मला बोलून दाखवत नाही. दाखवलं असतं तर जरा बरं वाटलं असतं.

पोरगी सारखं विचारायची, "तात्या, आय कवा येनार?" मी जेवायला बसलो की, चप्पल शोधायला लागलो की, आंघोळीला गेलो तर दाराबाहेरून. शेवटी माझ्यातला कारकून जागा झाला. म्हणालो, "ते माज्या हातात न्हाई. कपिलधारला कड्यावरनं पानी पडतं ना, त्याच्या मागं एक कचेरी हाय. समद्यांची येळ तितनं सुटते. कुनाचा दिवस मोठा, कुनाचा ल्हान, कोन कवा घरी येनार, सगळं तितले साहेब ठरवतात."

कपिलधारला तिला श्रावणात नेलं होतं, त्यामुळं तिला पटलं.

"मग त्यांला इचारा की."

"त्यांला मराठी येत न्हाई. पान्याच्या आवाजात बसून बसून त्यांची भाषाच येगळी झालीय."

मग भाषा तयार करावी लागली. फार कष्ट पडले नाहीत, इतकी वर्षं टेबलामागं बसून मी दुसरं काय बोलतोय? 'टिंगोर' म्हणजे आज नाही. 'झुलबट' म्हणजे विचार चालू आहे. 'घुमसं' म्हणजे वरच्या साहेबांकडं गेलंय. मी बंद मोबाईल कानाला लावायचो, "घुमसं का? बरं बरं, टिंगोर," म्हणायचो आणि चेहरा पाडून तिच्याकडं बघायचो. ती हसायची. आठवड्याभरात तीही बोलायला लागली. भाकरीला उशीर झाला की माझ्या बायकोला विचारायची, "काकू, झुलबट का?"

इथंच थांबलो असतो तर बरं झालं असतं. पण तिचं विचारणं काही सुटेना. तेव्हा मी कचेरीचा नियम सांगितला: जो परत परत विचारतो, त्याची पाळी मागं जाते. हा नियम काही मी शोधून काढलेला नाही. माझ्यासमोर हेलपाटे घालणाऱ्या माणसांना मी तो जरा सभ्य शब्दांत रोजच सांगतो.

दुसऱ्या दिवसापासून पोरगी गप्प. चहाच्या टपरीवर मी ऐटीत सांगितलं, "पोरं सांभाळायला डोकं लागतं बे."

उसाच्या फडावरून संध्याकाळी भावजयीचा फोन यायचा. पोरगी "हं" म्हणायची, "जेवले" म्हणायची, आणि फोन काकूच्या हातात द्यायची. भावजय म्हणायची, "रमली वाटतं." मी शेजारी बसून मान डोलवायचो.

मग एक दिवस, न कळवता, भावजय दारात उभी. मुकादमाच्या घरी नांदूरघाटला लग्न निघालं होतं, टोळीला दिवसाची सुट्टी मिळाली होती. भाऊ बैलांपाशी थांबला आणि ही टेम्पोत बसून आली. मी तिचा भासरा, नवऱ्याचा थोरला भाऊ. माझ्यासमोर ती डोक्यावर पदर घेते, आणि काही सांगायचं असलं तर माझ्या बायकोमार्फत सांगते.

पोरगी ज्वारीच्या कोठीमागं जाऊन उभी राहिली.

"ये की गं."

"टिंगोर," पोरगी म्हणाली.

"काय म्हनती ही?" भावजयीनं माझ्या बायकोला विचारलं. बायकोनं माझ्याकडं बघितलं. भावजय चपलेसकट उंबऱ्यावर बसली. "जाऊबाई, माजी पोर मला वळखंना."

मी कोठीपाशी उकिडवा बसलो. "अगं, आय आलीय. जा की."

ती कानात बोलली, "साहेबांनी सांगितलं न्हाई अजून. आता घाई करून गेले तर पाळी मागं जाईल. मग ती कायमची येनारच न्हाई."

"सांगितलंय. आताच फोन आलता."

"काय म्हनले?"

मी तोंड उघडलं आणि लक्षात आलं, त्या भाषेत 'मंजूर'ला शब्दच नव्हता. मी तो कधी केलाच नव्हता. घाईनं काहीतरी बोललो, 'फुलकर' का असंच काही. टेबलापलीकडची माणसं बघतात तसं तिनं माझ्याकडं बघितलं.

"ह्यो शबुद त्यांचा न्हाई. तुमी आत्ता केलाय."

तोवर बायकोनं उंबऱ्यावर सगळी हकिगत सांगितली होती. भावजय उठली. पदर खांद्यावर आला होता, तो तिनं सावरला नाही. लग्न होऊन आल्यापासून पहिल्यांदा ती सरळ माझ्याशी बोलली. "तात्या, तसली कचेरी न्हाई म्हनून सांगा तिला. मराठीत सांगा."

सांगितलं. कचेरी नाही, साहेब नाहीत, मीच बोलायचो.

 पोरगी कोठीमागून बाहेर आली आणि दोन्ही मुठींनी आईला मारायला लागली. "मग कावून आली न्हाईस? कुनी धरलं नव्हतं तर कावून आली न्हाईस?"

हे माझ्या डोक्यात आलंच नव्हतं. पाण्यामागचे साहेब निदान आईच्या वाटचा दोष तरी घेत होते. ते गेले आणि सगळा मार हिच्यावर आला.

"मार," भावजय म्हणाली. "आनखी मार." आणि मार खाता खाताच तिनं पोरीला कवेत घेतलं. मला तिथं थांबवेना आणि जाववेनाही.

दुपारी टेम्पो आला. पोरीनं विचारलं, "आता परत कवा?"

"ऊस सरून कारखाना बंद झाला की."

"कवा होईल?"

"मला बी ठावं न्हाई, बाळा. तात्याला रोज इचार. सकाळ-संध्याकाळ इचार." हे ती माझ्याकडं बघून म्हणाली.

आता पोरगी रोज विचारते. मी म्हणतो, मला माहीत नाही. ती म्हणते, मग आयला फोन लावा. मी लावतो. फडावर रेंज नसली तर परत लावतो.