वाजवलेला कावळा

रुपरावच्या मुलखात डफावर ताल धरला की समोरच्या वस्तूची हुबेहूब नक्कल उभी राहायची आणि ताल चालेल तोवर टिकायची. लग्नात दोन हारांचे वीस करणं, पाहुण्यांपुढे एका टोपलीतून दहा टोपल्या संत्री उभी करणं, असली कामं रुपरावने जन्मभर केली. पण गावातल्या जितेंद्रने वडिलांच्या दहाव्याला डफ घेऊन नदीवर बोलावलं, तेव्हा रुपरावचं तोंड कडू झालं.

पिंड कधीचा ठेवला होता. कडुनिंबावरचा कावळा उतरत नव्हता. म्हाताऱ्याची इच्छा सगळ्यांना ठाऊक होती: बायको जयवंताबाई जिवंत आहे तोवर संत्र्याची बाग विकू नये. मुलाने तसं वचन दिलं की कावळा शिवेल, हा रिवाज. जितेंद्रने तर बागेचा सौदा आधीच ठरवला होता.

"काका, त्या कावळ्याची नक्कल वाजवा ना," तो कानाशी लागला. "मले मिहानच्या कंपनीत ड्युटीवर जायचं आहे."

"काहून गा, बापाले फसवून राहिला?"

"बापाले आता काय समजते? आईचं समाधान झालं म्हणजे बस."

जयवंताबाई पिंडासमोर हात जोडून बसली होती. रुपरावने झाडाआडून बोटांनी हलका ताल धरला. नकली कावळा उतरला आणि भातात चोच घालू लागला.

"शिवला, शिवला!" म्हणत जितेंद्रने डोळे पुसले. कोरडे डोळे. रुपरावने ताल तोडला. कावळा विरला, भात जसाच्या तसा.

"आता बोल मायसमोर, बाग इकत नाही म्हणून," रुपराव पुढे येऊन म्हणाला.

जितेंद्रने मोबाइल काढला आणि नरखेडला दुसरा डफवाला मोकळा आहे का, ते विचारू लागला.