केळी धुळ्याला पोहोचली

चुलीवर ज्वारी-उडदाच्या कळण्याची भाकरी नुकती फुगायला लागली होती. शेवंताबाई एका हातानं ती फिरवत होत्या आणि दुसऱ्या हातानं दुधाखालचं लाकूड मागं ओढत होत्या. तेवढ्यात कडी वाजली. जळगावच्या त्या बोळात सकाळी कडी वाजवायची कुणाची रीत नव्हती. गवळी हाक मारी, शेजारणी बोलत बोलत थेट चुलीपाशी येत. कडी वाजवणारा एक तर परका असायचा, नाही तर संकोचलेला.

दारात लॉरी दुरुस्त करणारा नासीर मिस्त्री होता, संकोचलेला. आणि त्याचा हात धरून शेवंताबाईंच्या सासूबाई उभ्या होत्या. धुरपदाबाई. ज्यांनी या घटकेला धुळ्याच्या नेत्रशिबिरात, डोळ्यावर पांढरी पट्टी बांधून, खाटेवर पडलेलं असायला हवं होतं.

"अक्का, घाबरू नका," नासीर म्हणाला. "आजी ठीक आहेत. पारोळ्याच्या अलीकडे कडुलिंबाखाली बसल्या होत्या. काल चारच्या सुमाराला दिसल्या. रातभर माझ्या बहिणीकडे ठेवलं, जुबेदाकडे. पहिल्या गाडीनं घेऊन आलो."

"कडुलिंबाखाली?" शेवंताबाईंनी विचारलं. "आणि हे?"

नासीरनं खाली पाहिलं. "अभिमनभाऊ माल घेऊन पुढं गेले म्हणे."

 धुरपदाबाई हातानं चौकट चाचपून आत आल्या आणि आपल्या नेहमीच्या जागी, जात्याशेजारी बसल्या. त्यांच्या अंगाला पिचलेल्या केळ्यांचा गोडसर, आंबूस वास येत होता. लुगड्यावर केळीच्या चिकाचे काळे ओघळ उमटले होते. हा चीक कधी धुतला जात नाही. कापड विरेल, पण डाग राहील. 

धुरपदाबाई मूळच्या नरडाण्याकडच्या. नवरा लवकर गेला. त्यानंतर लोकांच्या शेतात कापूस वेचून त्यांनी एकुलत्या अभिमनला वाढवलं. आता तो स्वतःच्या लॉरीनं केळी धुळ्याला नेई, आणि काल आईलाही त्याच लॉरीतून शिबिराला घेऊन निघाला होता. बोंड नुसतं बोटांत चुरगाळून त्या सांगायच्या की हा माल पहिल्या वेच्याचा की तिसऱ्याचा. व्यापारीसुद्धा त्यांना विचारून तोंड उघडत. आता उजवा डोळा पुरता गेला होता आणि डाव्यात दुधासारखा पडदा आला होता. तरी तांदूळ त्याच निवडत. बोटांनी. खडा निघाला की "हाऊ पाय", हा बघ, म्हणून सुनेच्या तळहातावर ठेवत आणि हसत. गेल्या वर्षी डॉक्टर म्हणाले होते, पुढच्या शिबिराला आणा, त्यापुढं मात्र थांबू नका. तेव्हापासून त्या माघातल्या शिबिराची वाट पाहत होत्या. तीन दिवसांचं शिबीर. त्यांच्या चिठ्ठीवर सोमवार होता. आज मंगळवार उजाडला होता.

"आत्याबाई, चिठ्ठी कुठंय?"

"त्याना खिसाम्हा," धुरपदाबाई म्हणाल्या. "चिठ्ठी धुयाले गई." चिठ्ठी तेवढी धुळ्याला पोहोचली होती.

शेवंताबाईंची नजर कोनाड्याकडे गेली. काल संध्याकाळी आलेली इंग्रजी तार तिथं होती. गाडी आणि माल सुखरूप. शेजारच्या मास्तरांनी वाचून दाखवली तेव्हा त्यांनी देवापुढं साखर ठेवली होती. गाडी बिघडली असेल, पण सगळं निभावलं, असं वाटलं होतं. त्या तारेत माणसाचं नाव नव्हतं, हे तेव्हा ध्यानातच आलं नव्हतं. स्वतःच्या त्या साखरेची आता त्यांना शिसारी आली.

नासीर ओट्यावरच चहा प्यायला. जाता जाता म्हणाला, "मागचा एक्सल तुटला, अक्का. आजींना मागं घडांमध्ये बसवलं होतं, ताडपत्रीखाली. नाक्यावर पोलिसांना दिसू नये म्हणून."

दहाच्या सुमाराला अभिमन आला. बरोबर बन्सीलाल होता. धुळ्यात मोटारमालकांचं एक मंडळ निघालं होतं, त्याचा हा एजंट. सभासद झालं की वाटेत गाडी बंद पडल्यावर मंडळाची माणसं धावून येत. कोण किती धावणार, ते दर्जावर होतं. अभिमननं मागच्या दिवाळीत घरात कुणालाही न विचारता कागद भरला होता. "वरचा, तिसरा दर्जा घेतलाय," एवढंच त्यानं जेवताना सांगितलं होतं, पापड मोडत.

"माय आली ना घरी?" अभिमननं दारातूनच विचारलं. "मी संध्याकाळी गेलो होतो झाडाकडे. नासीरनं नेलं म्हणून लोकांनी सांगितलं. म्हटलं, बरं झालं."

"बरं झालं," शेवंताबाई म्हणाल्या.

बन्सीलाल खाटेवर ऐसपैस बसला. खिशातून आगकाडी काढून त्यानं कानात घातली, फिरवली, बाहेर काढून निरखली आणि खाटेच्या दोरीला पुसली. "वहिनी, पाहिलं ना आमचं काम? एक्सल तुटला आठाला, आमची गाडी हजर अकराला. दुसरी लॉरी सोबत. एक घड वाया गेला नाही! लॉरी ओढून नेली ती वेगळीच. दुपारपर्यंत तयार होईल. आता मी भाऊंना म्हणतो, एवढ्यावर थांबू नका, विशेष दर्जा घ्या."

"नियमांचा कागद आहे का तुमच्याकडे?"

"तुम्ही कशाला डोळे शिणवता? मी सांगतो ना."

"माझे चांगले आहेत डोळे," शेवंताबाई म्हणाल्या आणि हात पुढं केला.

शेवंताबाई सातवीची फायनल पास होत्या. वाण्याच्या पुड्यांचे कागदही वाचल्याशिवाय चुलीत घालत नसत. त्या उंबऱ्यात बसल्या आणि पहिल्या ओळीपासून वाचू लागल्या, मोठ्यानं, जात्यापाशी ऐकू जाईल अशा आवाजात. पहिल्या दर्जात मिस्त्री जागेवर येणार, जमलं तर दुरुस्त करणार, नाही तर परत जाणार. दुसऱ्यात गाडी ओढून जवळच्या कारखान्यात नेणार. तिसऱ्यात गाडी ओढणार, माल दुसऱ्या लॉरीनं पुढं पोहोचवणार, ड्रायव्हर आणि क्लिनरला सोबत नेणार, घरी तार करणार. विशेष दर्जात हे सगळं, वर जळगाव-धुळ्याच्या बाहेरही.

"यात माणसं कुठं आहेत?" त्यांनी विचारलं.

"ड्रायव्हर-क्लिनर आहेत की."

"बाकीची?"

"लॉरीत बाकीची बसतच नाहीत, वहिनी. बसवली तर आठवा नियम. सभासदत्व रद्द, माल रस्त्यावर." बन्सीलाल हसला. "हे कागदावरचं. आपल्याकडे कोणती लॉरी गाववाल्याला रस्त्यात सोडून जाते? पण आमचा माणूस विचारतो तेव्हा ज्यानं त्यानं समजून बोलावं, माणूस लॉरीत बसला होता असं म्हणू नये."

अभिमन उगाच टोपी झटकू लागला.

"तुमच्या माणसानं विचारलं होतं?" शेवंताबाईंनी कागदावरून नजर न उचलता विचारलं.

उत्तर जात्याजवळून आलं. आवाज शांत होता, तांदूळ निवडताना असावा तसा.

"इचारं ना. 'ही म्हातारी कोन?' आभिमननी सांगं, 'कोनी नही. वाटवरनी शे. सावलीम्हा बसेल शे.'" धुरपदाबाई म्हणाल्या. "माले दिसत नही. आयकू येस."

चुलीवर चहासाठी ठेवलेलं दूध उतू गेलं. कुणी उठलं नाही. जळक्या दुधाचा वास घरभर झाला.

"मग बरोबरच सांगितलं भाऊंनी!" बन्सीलाल म्हणाला. त्याचा चेहरा खरोखरच कौतुकानं भरला होता. "आई म्हणाले असते तर आठवा नियम लागला असता. प्रसंगावधान म्हणतात याला."

शेवंताबाईंनी नवऱ्याकडे पाहिलं. तो काही दुष्ट माणूस नव्हता. दसऱ्याला लॉरीला पहिला हार तो आईच्याच हातून घालून घेई. पण आता त्याच्या नखांतला केळीचा काळा चीक दिसला आणि त्यांना वाटलं, याच हातांना आपण रोज ताट वाढतो. 

"माय, तसं नाही गं," अभिमन पुटपुटला. "माल नासला असता. मी लगेच परत येणारच होतो..."

"तू उगी राह्य," धुरपदाबाई म्हणाल्या. "मी बोलनू का तवय काही? मी भी उगीच राह्यनू. तुनी केयी नासती."

बन्सीलालनं घसा खाकरून फॉर्म पुढं सरकवला. "तर विशेष दर्जा..."

"नको," शेवंताबाई म्हणाल्या. "आमची लॉरी जिल्ह्याबाहेर जाते ती फक्त धुळ्यापर्यंत, आणि तिथवर तिसरा पुरतो. दुसरा घेऊन उपयोग नाही, गाडी कारखान्यात पोहोचेल आणि केळी रस्त्यात काळी पडतील. सावद्याच्या जवळच्या फेऱ्यांना तर तुमची गरजच नाही, नासीरभाऊ आहेत. आहे तोच दर्जा राहू द्या. दर्जा चुकला नव्हता. त्यात काय बसतं आणि काय बसत नाही, ते न वाचता माणूस मालात घातला, ते चुकलं." त्यांनी कागदाची घडी घालून बन्सीलालच्या मांडीवर ठेवली. "आणि कान कोरायचा असेल तर बाहेर कोरा."

बन्सीलाल "बायकांना यातलं काय कळतं" असं काहीसं म्हणत चपला शोधायला लागला. तो बोळाच्या टोकाला गेला. मग शेवंताबाई उठल्या, नवऱ्याच्या सदऱ्याच्या खिशात हात घातला आणि चिठ्ठी काढली. घामानं मऊ झालेली, कडेला चिकाचा डाग. सोमवार, नंबर एकेचाळीस. नंबर वाचता येत होता.

"शिबीर उद्यापर्यंत आहे," त्या म्हणाल्या. "घेतील की नाही, सांगता येत नाही."

"मी नेतो!" अभिमन एकदम म्हणाला. "पाचोऱ्याच्या भाईदासची लॉरी चाललीय धुळ्याला, त्याला सांगतो. या वेळी पुढं केबिनमध्ये बसवतो मायला, गादी टाकून. कुणी विचारलं तर सरळ सांगेन, माझी आई आहे."

धुरपदाबाईंनी मान हलवली. भिंतीला धरून त्या उठल्या आणि लुगड्याचा चिकाचा पदर आतल्या बाजूला वळवून घेतला. मग त्यांनी हात पुढं केला, मुलाकडे नाही, सुनेचा आवाज जिकडून आला होता तिकडे.

"शेवंता, तू चाल मनासंगे. माले एस.टी.म्हा बसाड. आनि मनं तिकीट मना हातम्हा दे."