मागचं उघडू नका

मामांची गाडी आमच्या दारात येऊन थांबली, तेव्हा तिचं डावं मागचं अंग इतकं खाली बसलं होतं की लांबून पाहणाऱ्याला वाटावं, मागं कुणीतरी जडशीळ माणूस बसलंय. मागं कुणीच नव्हतं. मामी जाऊन वर्ष होत आलं होतं आणि तेव्हापासून मामांनी मागच्या सीटवर कुणाला बसू दिलं नव्हतं.

नव्वदनंतरची ती पहिली दोन-तीन वर्षं. आम्ही बारामतीत राहायचो, मी कॉलेजात जात होते. माझे वडील साखर कारखान्याच्या वर्कशॉपात फिटर होते, आम्ही त्यांना आबा म्हणायचो. मामा म्हणजे आईचा धाकटा भाऊ, निमगाव केतकीला शेती करायचे. त्यांच्या वडलांची सगळी हयात मेंढरांमागं चालण्यात गेली होती. मामांनी मात्र एका डॉक्टरांची जुनी पांढरी मोटार विकत घेतली, आणि गावात कुणाला साप चावला, कुणाची बाई अडली, की लोक मामांच्या दारात यायला लागले. मामा ताटावरून उठून हात धुवायचे आणि गाडी काढायचे. माणसाला मागं आडवं करायचं, डोकं डाव्या बाजूला, आणि बारामतीचा रस्ता धरायचा.

मामीही त्याच सीटवर आडवी होऊन बारामतीला निघाली होती. छातीत कळ आली म्हणाली, धाप लागली. शेजारीपाजारी सगळे रानात गेलेले, त्या दोघांना मूलबाळ नव्हतं, म्हणून मामा एकटेच तिला घेऊन निघाले. दवाखान्यात पोचेपर्यंत ती गेलेली होती. एवढंच आम्हाला माहीत होतं. वाटेत काय झालं ते मामांनी कुणालाही सांगितलं नव्हतं, सख्ख्या बहिणीलासुद्धा.

त्या दिवशी ते मार्केट यार्डात कामाला आले होते. मागचं चाक वरच्या पत्र्याला घासायला लागलं, म्हणून गाडी कशीबशी आमच्याकडं आणली.

‘चाक घासतंय दाजी, तेवढं बघा,’ ते आबांना म्हणाले. ‘मागचं बाकी काय उघडू नका.’

‘मागचं बसलंय म्हणून तर चाक घासतंय, पाव्हणं. उघडल्याबिगर कसं व्हायचं?’

‘तुमी चाकाचं बघा.’

आबांनी हात पुढं केला होता, पण मामांनी किल्ली आईच्या हातात दिली आणि एस.टी. स्टँडकडं चालू लागले. पाणीसुद्धा प्यायले नाहीत.

गाडी अंगणात उभी राहिली आणि आमच्या घराला एक वेगळीच शांतता आली. त्या गाडीला एक आवाज होता. खड्ड्यातून गेली की मागून कुणीतरी कण्हल्यासारखं यायचं, लांबट, ओढलेलं. तो आवाज आमच्या ओळखीचा होता. पण उभ्या गाडीतून तो येईल असं मला वाटलं नव्हतं. दुसऱ्या दिवशी ऊन उतरताना मी आणि आई दोरीवरचे कपडे काढत होतो आणि मागं, अगदी जवळ, कुणीतरी हलकंच कण्हलं. आईच्या हातातलं लुगडं तसंच राहिलं. मी गाडीच्या काचेतून आत पाहिलं. सीटवर मामीची जुनी चौकड्याची चादर घडी करून ठेवलेली होती. बाकी काही नव्हतं.

‘लोखंड हाय ते,’ आबा आतून म्हणाले. ‘ऊन गेलं की आकसतं. गाडीखालचं पाटं एकमेकावर सरकत्यात.’

दुसऱ्या दिवशी आईनं दोरी परसात बांधली.

कारखान्याचा हंगाम संपला होता, आबांना सवड होती. ते अंगणात पोतं टाकून गाडीखाली शिरले, बॅटरी लावून बराच वेळ पाहत राहिले आणि बाहेर येऊन त्यांनी मला आत जायला सांगितलं. मी पोत्यावर पाठ टेकून सरकत गेले. मागच्या आसाला ज्या पोलादी पट्ट्यांनी तोलून धरलेलं असतं, ते कमानपाटे मी पहिल्यांदा तेव्हा पाहिले. डाव्या बाजूची कमान उताणी पडल्यासारखी सपाट झाली होती. सगळ्यांत वरच्या पाट्याला, टोकाच्या गोल वेटोळ्यापाशी, केसासारखी बारीक चीर होती. चिरेत गंज धरला होता.

आई किल्ली द्यायला तयार नव्हती. ‘तो नको म्हणालाय ना.’

‘हा पाटा चालत्या गाडीत तुटला तर आस फिरंल आणि गाडी उलटंल,’ आबा म्हणाले. ‘तुझ्या भावाला सांगू का, तसंच ने म्हणून?’

आईनं कमरेची किल्ली काढून दिली.

आम्ही दोघांनी मिळून ते काम केलं. आदल्या दिवशी सगळ्या नटांवर रॉकेल सोडून ठेवलं. पुढच्या चाकांना दगड लावले, मागून गाडी जॅकवर उचलली, खाली लाकडी ठोकळे रचले. चाकं काढल्यावर ती गाडी मला फार उघडी वाटली, अंगावरचं काढून घेतलेल्या आजारी माणसासारखी. आबांनी धक्के झेलणारे, झिजलेले शॉकअप काढले. हाताने दाबून बघितले तर ते दाबलेलेच राहिले, परत वर आलेच नाहीत. मग पाटे आसाला बांधणारे यू-बोल्ट. दोन निघाले, दोन करवतीनं कापावे लागले. डावा पाटा सुटताना आसाबरोबर खाली बसला आणि शेवटचा कण्हला. इतका मोठ्यानं, की आई स्वयंपाकघरातून दारात आली. आमच्या दोघांच्या तोंडाकडं बघून परत आत गेली.

पाट्याच्या टोकांना रबराचे बुश असतात. डाव्या बाजूच्या बुशांत रबर उरलंच नव्हतं, लोखंडावर लोखंड घासून आतून चकचकीत झालं होतं. आबांनी तो बुश बोटांत धरून मला दाखवला. ‘हा बघ. हा कण्हत व्हता.’

गावातल्या कमानपाटेवाल्याकडून वरचा पाटा नवा करून आणला, बाकीच्यांना बाक दिला. नव्या बुशांना साबणाचं पाणी लावून ते शिकंज्यात दाबून बसवले. गाडी खाली उतरवून तिचं वजन पाट्यांवर आल्यावरच आबांनी शेवटचे नट आवळले, अधांतरी आवळले तर रबर पिळवटतं म्हणाले. मग आम्ही गाडीच्या मागं उभं राहून बघितलं. ती सरळ उभी होती. आबांनी मागं जोर देऊन दाबली, ती वर आली आणि गप झाली.

मामा आले तेव्हा जुनं सामान अंगणात पोत्यावर मांडलेलं होतं. ते लपवायचं आबांच्या मनातही नव्हतं. मामा गाडीकडं गेले नाहीत, पोत्यापाशी उकिडवे बसले. चिरेवरून अंगठा फिरवला. मग तो बुश उचलला.

‘आवाज हेचा व्हता?’

‘हेचाच.’

‘किती दिवसाचं आसंल हे?’

‘दिवसाचं?’ आबा हसले. आपलं निदान बरोबर निघाल्याचं समाधान त्यांच्या तोंडावर होतं. ‘पाव्हणं, हे दोन वर्सांचं दुखणं हाय. जास्तच, कमी न्हाय.’

मामांनी बुश होता तिथं ठेवला. उठले आणि किल्ली मागितली. त्यांचा चेहरा बघून आईनं मला बाजूला घेतलं. ‘तू जा त्याच्याबरोबर. संध्याकाळच्या एस.टी.नं परत ये.’

मी पुढं बसले. गाडी गावाबाहेर पडली, दोन्ही बाजूंना ऊस सुरू झाला. सणसर मागं पडलं. पुढच्या वळणावर मोठा खड्डा होता, गाडी त्यातून गेली. मागून काहीही आलं नाही. मामांनी वेग कमी केला. पुढचा खड्डा त्यांनी मुद्दाम घेतला, चाक थेट त्यात घातलं. काही नाही. लासुर्ण्याच्या अलीकडं त्यांनी गाडी कडेला घेतली आणि दोन्ही हात स्टिअरिंगवर ठेवून बसले.

‘हितंच बोलली ती शेवटचं,’ ते म्हणाले. ‘शेळीला पाणी पाजायचं राहिलं म्हणाली. मी म्हणलं, शेजारीण पाजंल. मग गप झाली.’

मी खिडकीची काच खाली केली.

‘आरशात मागची काच दिसायची. ती आडवी व्हती, दिसायची न्हाय. मी म्हणलं, झोप लागली आसंल. पर खड्डा आला की कण्हायची. मी म्हणायचो, आलंच आता, सणसर आलं बघ. परत खड्डा आला की कण्हायची. मला वाटायचं, व्हय म्हणती. बारामतीपतोर बोलत गेलो तिच्यासंगं. आवंदा विहिरीचं काम करू म्हणलं. ती कण्हली.’

त्यांनी गाडी बंद केली. उसातून वारं गेल्याचा आवाज आला.

‘डॉक्टर म्हणलं, हिला जाऊन बराच येळ झालाय. मी म्हणलं, न्हाय सायेब, आत्ता फाट्यापतोर कण्हत व्हती. त्यांनी मला खुर्चीवर बसवलं आन पाणी दिलं.’

‘म्हणून तुम्ही दुरुस्त करत नव्हता?’

‘आवाज गाडीचा हाय, हे मला काय कळत नव्हतं व्हय पोरी? गाडी माझी हाय. पर त्या दिवसाच्या आधीपासनं व्हता का, ते ध्यानात नव्हतं, आन कुणी उघडून बघितलं नव्हतं. तवर थोडं तिचं, थोडं गाडीचं, आसं धरून चालता येत व्हतं.’ मग म्हणाले, ‘दोन वर्सं म्हणलं दाजी. म्हंजी त्या दिवशी ती कण्हलीच न्हाय. कवा गेली ते मला ठावं न्हाय. मी विहिरीचं सांगत व्हतो तवा मागं कुणी नव्हतंच.’

निमगावात घरासमोर गाडी थांबवूनही ते उतरले नाहीत. एस.टी. चुकू नये म्हणून मी निघाले. वळून पाहिलं तर ते पुढच्या सीटवर, मान मागं वळवून, रिकाम्या सीटकडं बघत बसले होते.

मी घरी येऊन आबांना सगळं सांगितलं.

‘मी दोन वर्सं म्हणालो त्याला?’

‘जास्तच, कमी नाही, म्हणालात.’

ते उठले, मोरीत जाऊन स्वच्छ असलेले हात पुन्हा साबणानं धुतले. त्या रात्री जेवले नाहीत.

निमगावच्या बाजाराच्या दिवशी आबा मला घेऊन मामांकडं गेले. इकडतिकडचं बोलणं झालं, दारच्या आंब्याला कैऱ्या किती लागल्या ते झालं. मग आबा खाली बघत म्हणाले, ‘पाव्हणं, मी त्या बुशाकडं परत नीट बघितलं. ती झीज नवी हाय. वर्साच्या आतली. तवा रबर चांगलं आसणार.’

मामांनी त्यांच्याकडं पाहिलं. ‘दाजी, आक्का सांगती, तुमी कारखान्यात सायबालासुदीक खोटं बोलत न्हाय.’

‘मग?’

‘मग आज का बोलताय?’

मामांनी चहाची बशी त्यांच्याकडं सरकवली. ‘च्या घ्या. आला, बरं केलं.’

परतीच्या एस.टी.त आबा खिडकीबाहेर बघत होते. मग म्हणाले, ‘बुश कधी जातो ते खरं तर कुणालाच सांगता येत न्हाय. रस्ता कसा, ओझं किती, त्यावर आसतं. मी उगाच छाती ठोकून बोललो.’ हे त्यांनी मामांना कधी सांगितलं का, मला माहीत नाही. सांगितलं असतं तरी मामांनी त्यावर विश्वास ठेवला नसता.

काही महिन्यांनी मामांनी पुन्हा लोकांना दवाखान्यात न्यायला सुरुवात केली. फक्त एक अट घातली. आजाऱ्याबरोबर मागं कुणीतरी बसलंच पाहिजे, आणि त्यानं बोलत राहिलं पाहिजे. लोक म्हणायचे, बायको गेल्यापासून गडी जरा तसाच झालाय.

माझं लग्न होऊन मी इंदापूरला गेले. पहिल्या खेपेला माहेरी जायच्या आधीच मला कळा सुरू झाल्या. नवरा बाहेरगावी होता, आणि इंदापूरच्या डॉक्टरांनी बारामतीला न्यायला सांगितलं. सासूबाईंनी मामांना निरोप धाडला. मामा आले. माझं डोकं मांडीवर घेऊन सासूबाई मागं बसल्या, आणि गाडी बारामतीकडं निघाली.

‘पोरी, हं म्हण,’ मामा म्हणाले.

‘हं.’

निमगाव गेलं, हं. अंथुर्णे गेलं, हं. लासुर्ण्याला मामांचा आवाज बदलला, ते पुन्हा पुन्हा विचारायला लागले. मी हं म्हणत राहिले. सासूबाई वैतागल्या. ‘आवं पाव्हणं, डोळा लागू द्या की जरा तिला.’

मामांनी ऐकलं नाही. सणसरच्या पुढं एक कळ अशी आली की माझा श्वासच अडकला. ‘पोरी,’ मामा म्हणाले. परत म्हणाले. मला ऐकू येत होतं, बोलता येत नव्हतं. गाडी मुलायम चालली होती, पाळण्यासारखी, खालून जराही आवाज नव्हता.

मामांनी भर रस्त्यात गाडी थांबवली. मागं उसाचा ट्रॅक्टर होता, त्याचा हॉर्न वाजायला लागला. मामा उतरले, डावीकडचं मागचं दार उघडलं आणि वाकून माझ्या तोंडाकडं बघत उभे राहिले. त्यांचा चेहरा घामानं थबथबला होता. मी त्यांना ओळखते आहे, हे त्यांना दिसत नव्हतं. माझ्या जागी ते मामीलाच बघत होते असं मला वाटलं.

‘हाय की जित्ती,’ सासूबाई म्हणाल्या. ‘बघा, हाय.’

कळ ओसरली. ‘मामा,’ मी म्हणाले, ‘मी आहे.’

त्यांनी मान डोलावली. पण दार धरलेला हात काढला नाही. ट्रॅक्टरवाला खाली उतरून शिव्या देत जवळ आला, आत बघितलं आणि गप झाला. टोपी काढून तोही बाजूला उभा राहिला. किती वेळ तसा गेला, सांगता येत नाही. मग मामांनी दार इतकं हळू लावलं की ते नीट लागलंच नाही, आणि बारामतीपर्यंत सासूबाईंना ते हातानं ओढून धरावं लागलं.