देवाची मूठ

ही गोष्ट सांगायचं मी वर्षानुवर्षं टाळलं. आज सून तांदूळ धुवत होती, तिच्या मुठीतले तांदूळ पाहिले आणि जीव थाऱ्यावर राहिना.

मिझोराममध्ये, म्यानमारमधून पळून आलेल्या चिन लोकांच्या छावणीत मी शिधा वाटायचो. एक म्हातारी रोज शिजवण्याआधी मूठभर तांदूळ डब्यात बाजूला टाकायची. हिला जास्त होतात, असं समजून मी तिचा शिधा कमी केला. तिची नातवंडं अर्धपोटी राहिली, पण मूठ निघतच राहिली.

"आजी, आता तरी पुरे!" मी चिडलो.

"ही मूठ चर्चची, बाबू. आमच्यात प्रत्येक घर शिजवण्याआधी देवासाठी काढतं. गाव गेलं. हीसुद्धा सोडली तर आम्ही चिन कसले?"

शिधा मी पुन्हा पूर्ण केला. छावणी दुसरीकडे हलली तेव्हा ती माझा निरोप घ्यायला आली. 'माझं चुकलं' हे ओठांवर होतं. मी म्हणालो, "जपून जा."